इब्सेनची नाट्यगृहातली वर्षं फुकट गेली का?

तुमचा प्रश्न असा आहे: तुम्ही एकांकिका लिहिता. गेली तीन वर्षं गावातल्या एका हौशी संस्थेच्या दिग्दर्शनाची जबाबदारी तुमच्याकडे आहे आणि या तीन वर्षांत स्वतःचं असं काहीच लिहून झालेलं नाही. कुणीतरी सांगितलं की इब्सेननेही अकरा वर्षं नाट्यगृहाची नोकरी केली, ती सुटली आणि मगच तो मोठा नाटककार झाला. तेव्हा तुम्हीही संस्था सोडावी का, आणि इब्सेनला त्या अकरा वर्षांचा काही उपयोग झाला की ती नुसती वाया गेली?

मी सांगली-मिरजेकडे बत्तीस वर्षं नाटकं बसवते आहे, अधूनमधून लिहितेही. इब्सेनचं ‘डॉल्स हाउस’ मराठीत दोनदा बसवलं, त्यामुळे या माणसाशी माझं जुनं भांडण आहे आणि जुनी मैत्रीही. पण आधीच सांगते, तुम्ही नोकरी करता का, घर कुणाच्या पगारावर चालतं, संस्थेत दिग्दर्शन कराल तेव्हा स्वतःचीच नाटकं बसवता की दुसऱ्यांची, यातलं काहीच तुम्ही लिहिलेलं नाही. उत्तर बरंचसं त्यावर अवलंबून आहे. आणि तुमच्या प्रश्नात दोन प्रश्न एकात एक अडकलेत. दिग्दर्शन लेखनाला मारतं का, हा एक. संस्था चालवणं लेखनाला मारतं का, हा दुसरा. इब्सेनच्या बाबतीत लोक हे दोन्ही एकच समजतात, म्हणून ती ‘नोकरी सुटली आणि प्रतिभा उमलली’ छापाची गोष्ट तयार होते.

गोष्ट तशी नाही. मुळापासून बघू.

हेन्‍रिक इब्सेन १८२८ सालचा, नॉर्वेतल्या शीएन या बंदराच्या गावातला. बाप व्यापारी, पोरगा सात-आठ वर्षांचा असताना बुडाला. पंधराव्या वर्षी हा ग्रिमस्टाड नावाच्या छोट्या गावात औषधाच्या दुकानात उमेदवारीला लागला. तिथेच रात्री जागून पहिलं नाटक लिहिलं, ‘कॅटिलिना’. १८५० साली टोपणनावाने छापलं, तेही मित्राच्या पैशाने, आणि खपलं जवळजवळ नाहीच. मग राजधानीत, म्हणजे क्रिस्तियानियात, आजच्या ओस्लोत, विद्यापीठाच्या प्रवेशपरीक्षेला बसला. ग्रीक आणि अंकगणितात गेला. एवढ्या भांडवलावर तेविसाव्या वर्षी, १८५१ च्या शरदात, त्याला बर्गेनच्या नाट्यगृहाने बोलावलं.

बोलावणारा होता ओले बुल. त्या काळी युरोपभर गाजलेला व्हायोलिनवादक. नॉर्वे चारशे वर्षं डेन्मार्कच्या ताब्यात होता, १८१४ नंतर स्वीडनशी जोडला गेला, पण रंगमंचावर अजून डॅनिश नट आणि डॅनिश उच्चारच चालायचे. बुलने बर्गेनमध्ये नॉर्वेजियन बोलणाऱ्या नटांचं नाट्यगृह काढलं. त्याचा पहिला प्रयोग २ जानेवारी १८५० ला झाला. ही तारीख लक्षात ठेवा, पुढे लागेल. इब्सेनचं काम होतं नाट्यगृहाला ‘नाट्यलेखक म्हणून साहाय्य’ करणं. प्रत्यक्षात अर्थ असा की दरवर्षी २ जानेवारीला, वर्धापनदिनी, त्याचं नवं नाटक उभं राहिलं पाहिजे. आणि उरलेले दिवस बाकी सगळं.

१८५२ मध्ये नाट्यगृहाने स्वतःच्या खर्चाने त्याला कोपनहेगन आणि ड्रेस्डेनला पाठवलं. बदल्यात पाच वर्षं सोडून जायचं नाही. आपल्याकडे कुठल्या संस्थेने पोराला शिकायला धाडलं असतं हो? मला तरी आठवत नाही. कोपनहेगनच्या रॉयल थिएटरमध्ये त्याने तालमी कशा चालतात, यंत्रं कशी हलतात, वस्त्रं कुठे ठेवतात, इथपासून पाहिलं. परत आला तेव्हा त्याचं पद ठरलं, रंगमंच-दिग्दर्शक. इथे एक मजा आहे. बर्गेनमध्ये दिग्दर्शनाचे दोन तुकडे केलेले होते. नटाला भूमिका समजावून सांगणं, स्वभाव, उच्चार, भाव, हे हेर्मान लोडिंग नावाच्या वयाने मोठ्या, शिकलेल्या गृहस्थांकडे. आणि कोण कुठून येईल, कुठे उभं राहील, टेबल कुठे, दार कुठे, मॉब कसा हलेल, हे इब्सेनकडे. म्हणजे आपण ज्याला ब्लॉकिंग म्हणतो ते. त्या काळातल्या त्याच्या वह्यांत रंगमंचाचे नकाशे काढलेले आहेत, नटांच्या जागा दाखवलेल्या आहेत.

तो चांगला दिग्दर्शक होता का? माझं मत विचाराल तर नव्हता. ज्यांनी त्याला पाहिलं त्यांच्या आठवणींत तो बुटका, अबोल, लाजाळू माणूस आहे. नटाला तोंडावर ‘हे चुकतंय’ म्हणणं त्याला जड जायचं. आणि दिग्दर्शकाचं निम्मं काम तेच असतं. लोडिंगकडे भूमिका दिल्या त्या उगीच नव्हेत. पण ब्लॉकिंगचा माणूस म्हणून त्याला जे करावं लागलं त्याचं माप ऐका: बर्गेनच्या साडेपाच वर्षांत १४५ च्या आसपास नाटकं त्याच्या हाताखालून गेली. त्यातली निम्म्याहून जास्त फ्रेंच, आणि एकट्या स्क्रीबची एकवीस. स्क्रीब म्हणजे तेव्हाचा पॅरिसचा घाऊक नाटककार. गुपित, हरवलेलं पत्र, दाराआड ऐकणारा, नको त्या क्षणी नेमका टपकणारा माणूस, शेवटच्या अंकात सुटका. कथानक घड्याळासारखं, माणसं खुंटीवर टांगलेली.

आता त्याची स्वतःची नाटकं. २ जानेवारी १८५३, ‘सेंट जॉन्स नाइट’, पडलं. इतकं की पुढे त्याने ते आपलं म्हणून सांगणंच टाळलं. १८५४ ला जुनीच एकांकिका डागडुजी करून. १८५५ ला ‘लेडी इंगर’. हे देताना तर त्याने सांगितलं की क्रिस्तियानियातल्या एका मित्राने लिहिलंय. दोन प्रयोग. १८५६ ला सोल्हाउगच्या मेजवानीचं नाटक, ते मात्र लोकांना आवडलं, गाणी होती, लोककथेचा बाज होता. १८५७ ला ‘ओलाफ लिल्येक्रान्स’, पुन्हा दोनच प्रयोग. पाच वर्षांत पाच, त्यातलं एक चाललं.

म्हणजे तुमच्या माहितगाराचं बरोबर आहे का? थांबा. पाचातली चार पडली का होईना, पण *पूर्ण* झालेली नाटकं आहेत. तारीख डोक्यावर होती, पडदा उघडायचाच होता, म्हणून ती पूर्ण झाली. तुमच्या तीन वर्षांत एकही नाही. तेव्हा ‘दिग्दर्शन करत होता म्हणून लिहू शकला नाही’ हे बर्गेनला लागू पडत नाही. वाईट लिहिलं, पण लिहिलं. आणि पंचविशीतला माणूस वाईटच लिहितो, त्याला नाट्यगृह कशाला दोषी धरायचं.

लेखन बंद पडलं ते नंतर. १८५७ मध्ये तो क्रिस्तियानियाच्या नॉर्वेजियन थिएटरला गेला, कलाविभागाचा प्रमुख म्हणून. पगार वाढला, पद वाढलं. राजधानीत डॅनिश वळणाचं मोठं, जुनं नाट्यगृह होतं आणि हे त्याला टक्कर द्यायला काढलेलं. प्रेक्षक मिळवायचे, तिकीटबारी सांभाळायची, संचालक मंडळाला तोंड द्यायचं, वर्तमानपत्रांत ‘हा आळशी आहे, हलकी नाटकं लावतो’ अशी टीका सोसायची. लग्न झालं, १८५९ मध्ये मुलगा झाला, कर्ज झालं, दारू वाढली, वसुलीसाठी खटले झाले. १८५८ च्या नोव्हेंबरात व्हायकिंग काळावरचं नाटक त्याने स्वतः बसवलं, आणि त्यानंतर १८६२ मधल्या ‘लव्हज कॉमेडी’पर्यंत एकही नाटक पूर्ण झालं नाही. कविता झाल्या, चांगल्या झाल्या, पण नाटक नाही. चार वर्षं. तुमची तीन झालीत.

मला हा काळ वाचताना नेहमी स्वतःचा एक काळ आठवतो. एका संस्थेत मी दिग्दर्शक होते आणि ‘तुम्हाला सगळं माहीतच आहे’ म्हणत म्हणत सचिवही करून टाकलं. हॉलचं बुकिंग, स्पर्धेची प्रवेशिका, टेम्पोवाल्याचे पैसे, कोणाला स्मरणिकेत फोटो नाही म्हणून आलेला राग. वर्षभराने मी सहज डायरी उघडून तास मोजले. आठवड्याला सरासरी अठरा-वीस तास संस्थेत जात होते आणि त्यातले तालमीचे होते सात. म्हणजे लेखन बंद पडायचं कारण तालीम नव्हतंच. तालमीवरून घरी येते तेव्हा डोकं चालू असतं, रात्री बारा वाजताही एखादं वाक्य सुचतं. स्मरणिकेच्या भांडणावरून घरी येते तेव्हा फक्त झोप येते.

इब्सेनने पुढे, सगळं मागे पडल्यावर, आपल्या मित्राला लिहिलेल्या पत्रात म्हटलं की कवीसाठी नाट्यगृहाची चाकरी म्हणजे रोजच्या रोज नव्याने केलेला गर्भपात. फार भयंकर शब्द आहेत आणि तुमच्या माहितगाराकडे बहुधा हेच वाक्य कुठूनतरी फिरत आलं असावं. ते खरं आहे, पण कडवट झालेल्या माणसाचं खरं आहे. बर्गेनचा तेवीस वर्षांचा, नकाशे काढणारा इब्सेन त्यात कुठे नाही. तो त्याला स्वतःलाच तेव्हा दिसत नसावा.

आणि ‘नोकरी सोडली’ म्हणाल तर त्याने सोडली नाही. १८६२ च्या उन्हाळ्यात नाट्यगृहच दिवाळखोरीत गेलं. हा रस्त्यावर आला. लोककथा गोळा करायला थोडं अनुदान मिळालं, दऱ्याखोऱ्यांतून हिंडला, मग त्याच जुन्या, प्रतिस्पर्धी नाट्यगृहात सल्लागार झाला आणि जानेवारी १८६४ मध्ये तिथे ‘द प्रिटेंडर्स’ स्वतः बसवलं. हे त्याचं शेवटचं मोठं दिग्दर्शन, आणि नाटक यशस्वी झालं. त्यानंतर सरकारी प्रवास-अनुदानावर आणि मित्रांनी जमवलेल्या वर्गणीवर तो इटलीला गेला. पैसे जमवण्यात पुढाकार होता ब्यर्नसनचा, त्याच्याकडे मी येतेच. १८६६ पासून नॉर्वेच्या संसदेने त्याला वर्षाला चारशे स्पेसीडालरचं (हे तेव्हाचं नॉर्वेचं चलन) मानधन बांधून दिलं. परदेशात राहिला सत्तावीस वर्षं. तेव्हा ‘सोडा आणि लिहा’ हा सल्ला देणाऱ्याला विचारा, चारशे स्पेसीडालर कोण देतंय.

आता माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा भाग. नाट्यगृहातून सुटल्यावर पहिल्यांदा त्याने काय लिहिलं? ‘ब्रँड’, १८६६, आणि ‘पीअर गिंट’, १८६७. दोन्ही पद्यात, दोन्ही वाचायची नाटकं. डोंगर, हिमकडा कोसळणं, वाळवंट, वादळात फुटणारं जहाज, यक्षांच्या राजाचा दरबार. रंगमंचावर हे कसं उभं राहील याची पर्वाच नाही. ज्या माणसाने अकरा वर्षं ‘दार डावीकडे घ्या, टेबल अडतंय’ केलं, त्याने मोकळं होताच दारं-टेबलं खिडकीबाहेर फेकून दिली. ‘पीअर गिंट’ रंगमंचावर यायला १८७६ उजाडलं, ‘ब्रँड’ पूर्ण रूपात यायला १८८५.

आणि मग १८७७ मध्ये तो परत खोलीत आला. ‘पिलर्स ऑफ सोसायटी’, गद्य, एक घर, एक दिवाणखाना. १८७९ मध्ये ‘डॉल्स हाउस’. नोकरी सुटून पंधरा वर्षं झाली होती. तेव्हा ‘सुटली आणि लगेच’ हे साफ खोटं. लोणचं घातलं बर्गेनमध्ये, खाल्लं रोममध्ये आणि म्युनिचमध्ये. मधली वर्षं मुरायची.

मुरलं म्हणजे काय, ते दाखवते. दिग्दर्शक म्हणून ‘डॉल्स हाउस’ हातात घेतलंत की पहिल्या पानापासून कळतं की लिहिणाऱ्याने रंगमंचावर घाम गाळलेला आहे. तिन्ही अंक एकाच खोलीत. सेट बदलायचा नाही. गरिबाच्या संस्थेला याहून मोठी कृपा नाही. मागच्या भिंतीत दोन दारं, उजवीकडचं बाहेरच्या दालनाकडे, डावीकडचं नवऱ्याच्या खोलीकडे. नोरा येते ती गुणगुणत, हातात पुड्या, मागे ख्रिसमसचं झाड घेऊन हमाल. खिशातून बदामाची बिस्किटं काढून दोन खाते. मग चवड्यांवर चालत नवऱ्याच्या दाराशी जाऊन कान लावते. अजून कुणी एक शब्द महत्त्वाचा बोललेलं नाही आणि या घरात काय चाललंय ते प्रेक्षकाला कळलं. हे शब्दांच्या माणसाचं लिहिणं नाही, हे त्या वहीतल्या नकाशांचं लिहिणं आहे. दुसऱ्या अंकात तेच झाड आहे, पण सजावट उतरवलेली, मेणबत्त्यांची थोटकं उरलेली. एक प्रॉपर्टी, दोन अवस्था, खर्च शून्य.

स्क्रीबचंही बघा. नोराने नवऱ्याला न सांगता कर्ज काढलेलं आहे. दुसऱ्या अंकात ते देणारा क्रोग्स्टाड निघून जातो आणि नोराला दालनातून ऐकू येतं, हे गुपित फोडणारं त्याचं पत्र टपालपेटीत पडलं. पेटीची किल्ली फक्त नवऱ्याकडे. हे शंभर टक्के स्क्रीब आहे, एकवीस वेळा बसवलेलं स्क्रीब. तिसऱ्या अंकात नवरा पेटी उघडतो तर कुलपात तुटलेली केसाची पिन सापडते. पत्र वाचतो, आकांडतांडव करतो. तेवढ्यात दुसरं पत्र येतं, कर्जरोखा परत, धोका टळला. नवरा ओरडतो, मी वाचलो, नोरा, मी वाचलो! स्क्रीबचं नाटक इथे संपलं असतं. पडदा, टाळ्या. इब्सेनची नोरा विचारते, आणि मी? मग कपडे बदलून येते आणि नवऱ्याला समोर बसवते. म्हणते, बस, बोलायचंय. एकवीस वेळा तो शेवट बसवून ज्याला त्याचा वीट आला असेल, त्यालाच त्याच्या पलीकडे एक खुर्ची ठेवायचं सुचणार.

आणि तो शेवटचा दरवाजा. सगळे म्हणतात नोरा दार आपटून जाते. संहिता नीट वाचा. ती दालनातून बाहेर जाते. नवरा खुर्चीत कोसळतो, चेहरा झाकतो, उठून बघतो, रिकामं, ती नाही. मग त्याला क्षणभर एक आशा वाटते. आणि *मग* खालून, जिन्याखालून, मोठं दार बंद झाल्याचा धाडकन आवाज येतो. मधे वेळ आहे. जिना उतरायला लागणारा वेळ. पहिल्यांदा बसवलं तेव्हा मला हे कळलंच नव्हतं. बॅकस्टेजचा मुलगा विंगेत फळी घेऊन उभा, नोरा बाहेर पडली रे पडली की धाड. पहिल्याच प्रयोगाला मागच्या रांगेतून कुणीतरी हसलं. दुसऱ्यांदा, सोळा वर्षांनी, आम्ही ज्या वाड्यात तालीम करायचो त्याच्या लाकडी जिन्यावरून आमच्या नोराला खरोखर खाली पाठवलं आणि मी वर घड्याळ लावून बसले. चौदा सेकंद. नवऱ्याच्या, म्हणजे हेल्मरच्या, त्या एवढ्याशा वाक्यांना आणि मधल्या शांततेला बरोबर तेवढाच वेळ लागतो. शिवाय प्रेक्षकाच्या कानाला हा जिना नवा नाही. दुसऱ्या अंकात पत्र पेटीत पडल्यावर क्रोग्स्टाडची पावलं त्याच जिन्यावरून खाली विरत जातात, तशी सूचनाच लिहिलेली आहे. म्हणजे जिना न दाखवता आधीच बांधून ठेवलाय. एन्ट्री-एक्झिट शेकड्यांनी मांडल्याशिवाय हातात ही गोष्ट येत नाही.

पुढेही तो तालमीला न जाता पत्रांतून नाटकं बसवतच राहिला म्हणा ना. १८८४ मध्ये ‘वाइल्ड डक’बद्दल क्रिस्तियानियाला कळवलं की प्रकाश प्रत्येक अंकात वेगळा आहे, त्या त्या अंकाची मनःस्थिती त्यावर ठरते. १८८७ मध्ये एका नटीला लिहिलं की घोषणाबाजी नको, नाटकीपणा नको, दुसऱ्या कुणा नटीने कसं केलं ते आठवू नकोस, आजूबाजूचं आयुष्य बघ. गंमत आहे, जे नटांना तोंडावर सांगता आलं नाही, ते कागदावर किती स्वच्छ सांगता आलं.

आता ब्यर्नसन. ब्यर्नस्टर्न ब्यर्नसन, इब्सेनहून चार वर्षांनी लहान, त्याच परीक्षेच्या क्लासमधला सोबती, पुढे १९०३ चा नोबेल विजेता आणि नॉर्वेच्या राष्ट्रगीताचा कवी. १८५७ मध्ये इब्सेन बर्गेन सोडून गेला तेव्हा त्याच खुर्चीत हा बसला, १८५९ पर्यंत. नंतर १८६५ ते ६७ राजधानीच्या नाट्यगृहाचा प्रमुख. हा अगदी उलट माणूस. धिप्पाड, बोलघेवडा, नटांत रमणारा, राजकारणात उडी घेणारा. बर्गेनच्या त्या दोन वर्षांत त्याने नाटकंही बसवली, वर्तमानपत्रही चालवलं, कथाही लिहिली. तीच नोकरी, तेच नाट्यगृह. एकाला तिथे बोलता येईना, दुसऱ्याला गप्प बसता येईना. म्हणून ‘दिग्दर्शन लेखकाला मारतं’ असा सरसकट नियम मी कधी काढणार नाही. पुढे दोघे भांडले, अबोला झाला, आणि शेवटी व्याही झाले. इब्सेनच्या मुलाने ब्यर्नसनच्या मुलीशी लग्न केलं.

जाता जाता, ब्यर्नसन आपल्याला परका नाही. १ जुलै १९३३ ला मुंबईत ‘नाट्यमन्वंतर’ने केलेलं ‘आंधळ्यांची शाळा’, केशवराव दात्यांनी बसवलेलं, ज्योत्स्नाबाई भोळ्यांनी काम केलेलं, ते वर्तकांनी ब्यर्नसनच्याच १८८३ च्या नाटकावरून लिहिलं. मूळ नाटकात लग्न ठरलेली मुलगी मुलाचा पूर्वेतिहास कळल्यावर हातमोजा त्याच्या तोंडावर फेकते, कारण पुरुषाला वेगळी नीती आणि बाईला वेगळी, हे तिला मान्य नाही. मराठी नाटकात पडदे रंगवायचे सोडून खरी खोली, खरी दारं आली ती साधारण याच वाटेने. आपण तालमीत ‘ते दार चालतं का बघ’ म्हणतो ना, त्या दाराचं गाव फार उत्तरेला आहे.

तर तुमच्याबद्दल. आतापर्यंत सांगितलं त्याचा अर्थ एवढाच: इब्सेनची बर्गेनची वर्षं फुकट गेली नाहीत. क्रिस्तियानियाची पहिली काही गेली, आणि ती दिग्दर्शनामुळे कमी, संस्थेच्या गाड्याखाली जास्त. म्हणून संस्था सोडण्याआधी दोन आठवडे तास मोजा. एका बाजूला तालीम, दुसऱ्या बाजूला बाकी सगळं. बाकी सगळं जास्त भरलं, आणि माझा अंदाज आहे तसंच होईल, तर कमिटीला सांगा, मी दिग्दर्शन करीन, कागदपत्रं दुसऱ्याला द्या. चिडतील. चिडू द्या, दिग्दर्शक मिळणं कागदपत्रं करणारा मिळण्यापेक्षा अवघड असतं हे त्यांनाही ठाऊक असतं.

तालीमच जास्त भरली तर मग स्वभाव बघा. तालमीहून परतताना डोक्यात माणसं बोलत असतील तर सोडू नका. रिकामे होऊन येत असाल, नटांशी बोलून बोलून स्वतःशी बोलायला काही उरत नसेल, तर एक वर्ष बाजूला व्हा. तेही सरळ सांगून, भांडून नव्हे, कारण तुमची एकांकिका पुढे हीच माणसं करणार आहेत.

स्वतःची संहिता पहिल्यांदा स्वतः बसवू नका, हा माझा जरा हट्टाचा नियम आहे. मी दोनदा बसवून बघितली. तालमीत वाक्य अडलं की लेखिका म्हणून कापायला हवं होतं, मी दिग्दर्शिका म्हणून हालचाल घालून झाकलं. प्रयोग देखणा झाला, संहिता लंगडीच राहिली. इब्सेनने ‘लेडी इंगर’ मित्राच्या नावावर का खपवायला बघितली, ते मला त्यानंतर कळल्यासारखं वाटतं.

आणि तारीख बांधून घ्या. इब्सेन १८७७ ते १८९९ या काळात साधारण दर दोन वर्षांनी एक नाटक देत गेला, एकूण बारा, आणि तेव्हा कुठलंही नाट्यगृह त्याच्या डोक्यावर बसलेलं नव्हतं. मला वाटतं बर्गेनची २ जानेवारी त्याने स्वतःच खिशात घालून ठेवली होती. तुम्ही तुमच्या संस्थेच्या वर्धापनदिनाला वाचनाची तारीख ठरवा, प्रयोगाची नको, फक्त वाचनाची. चार माणसं, चहा, एकांकिका जशी असेल तशी.

तुमची जी एकांकिका दीड पानावर अडकलीय असं तुम्ही शेवटी लिहिलंय, तिच्यातली खोली आधी कागदावर काढा. दारं कुठे, खिडकी कुठे, कोण कुठून येतं आणि बाहेर गेल्यावर त्याची पावलं किती वेळ ऐकू येतात. मग पुढचं पान लिहून बघा, आणि अडलात तर तो नकाशा इथे टाका, मी बघते.